पक्षी शेतात, पैसा हॉटेलात

गोव्यात सुट्टीला येणाऱ्या माणसाला हल्ली समुद्र, देवळं, जुन्या गोव्यातली चर्चेस आणि मसाल्याची बागायत यांच्या जोडीला पहाटेची पक्षीफेरीही विकली जाते. हॉटेलच्या काउंटरवर पत्रक असतं. साडेपाचला गाडी, मोले नाहीतर तांबडी सुर्लाचं जंगल, सोबत गाइड, दुर्बीण भाड्याने, परत आल्यावर नाश्ता. चित्र हमखास धनेश पक्ष्याचं. पत्रक उचलणारा बहुधा पुण्या-मुंबईचा, कोल्हापूरचा किंवा बेळगावचा, आणि आयुष्यात कधी दुर्बीण डोळ्याला न लावलेला. त्याला पहाटे उठावंसं वाटतं याचं मला मनापासून कौतुक आहे. गोव्यात येऊन साडेपाचला झोपायला जाणारेही काही कमी नसतात.

पण आकडा बघा. २०२४ साली सरकारी हिशेबाने एक कोटीहून जास्त पर्यटक गोव्यात आले. त्यांतल्या शंभरात एकाला जरी ही हौस लागली तरी वर्षाला लाखभर माणसं होतात. पक्षी बघण्याचा मोसम साधारण ऑक्टोबरअखेर ते मार्च, आणि राज्याचा विस्तार ३,७०२ चौरस किलोमीटर. एवढ्या माणसांना कुठे न्यायचं हा प्रश्न एकट्या गाइडच्या किंवा हॉटेलच्या मर्जीवर सोडण्यासारखा राहिलेला नाही.

माझं म्हणणं असं : नवशिक्यांना जंगलात नेऊ नये. त्यांना गावच्या तळ्यावर आणि खाजनाच्या, म्हणजे खारं पाणी अडवून केलेल्या शेतीच्या, बांधावर न्यावं, आणि फेरीच्या पैशातला ठरलेला वाटा ज्यांची ती जमीन आणि ज्यांचं ते पाणी, त्यांच्या हातात पडावा. पहिल्या वाक्याला माना डोलावणारे पुष्कळ भेटतात. पैशाचं वाक्य आलं की विषय बदलतो.

आधी जंगलाचं बघू. सह्याद्रीचं दाट रान पहिल्या धड्याला फार कठीण असतं. झाडं उंच, उजेड पानांतून गाळून आलेला, पक्षी शेंड्यावर आणि तोही दोन-तीन सेकंद. रानातले पक्षी आधी कानाला कळतात, मग डोळ्याला. कुर्टुक सकाळभर ओरडत राहतो आणि दिसत मात्र नाही. मुरलेला निरीक्षक आवाजावरून जागा धरतो आणि वाट बघतो. नवशिक्याला दुर्बिणीत फांदी सापडेपर्यंत पक्षी दुसऱ्या झाडावर गेलेला असतो. तासाभरात मान भरून येते, मुलं कंटाळतात आणि "दादा, धनेश कधी दिसणार?" सुरू होतं. गाइडची पुढची गिऱ्हाइकं या चेहऱ्यांवर अवलंबून. मग खिशातून मोबाइल निघतो, त्याला जोडलेला इवलासा स्पीकर निघतो आणि त्या पक्ष्याचाच आवाज रानात वाजतो.

त्या आवाजाने काय होतं ते गाइडला ठाऊक असतं, गिऱ्हाइकाला नसतं. पक्ष्याला वाटतं, आपल्या हद्दीत दुसरा नर शिरला. तो चारा सोडून, कधी घरटं सोडून भांडायला पुढे येतो. लोक फोटो काढतात, समाधानाने पुढे जातात. एकदा झालं तर बिचारा पक्षी सोसतो. पण वाटा ठरलेल्या, वळणं ठरलेली. एकाच वळणावर मोसमभर रोज सकाळी दोन-तीन गटांनी हेच केलं तर त्या जोडीचा वेळ नसलेल्या शत्रूला हाकलण्यातच जातो. बेडूकमुखाचं तर आणखी अवघड. हा निशाचर पक्षी दिवसा वाळक्या पानासारखा एकाच फांदीवर, बहुतेक वेळा जोडीने, दिवसचे दिवस बसून असतो. म्हणजे जागा एकदा कळली की रोज दाखवता येते. ती जागा जितक्यांना कळते तितका त्याचा लपण्याचा उपयोग संपतो.

पावसाळी पर्यटनाची जाहिरात वाढली तसा तिबोटी खंड्याही या यादीत आला आहे. जेमतेम चिमणीएवढा, रंगांची उधळण असलेला हा खंड्या कोकणपट्टीत पावसाळ्यातच व्हाळाकाठच्या मातीत बीळ करून पिल्लं वाढवतो, आणि नेमक्या त्याच दिवसांत कॅमेरे बिळासमोर रांग लावतात. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यात शिकारीची जी व्याख्या आहे तिच्यात जंगली पक्ष्यांच्या अंड्यांना किंवा घरट्याला त्रास देणंही येतं. बिळासमोर तासन् तास तिकाटणं रोवून बसणाऱ्या किती जणांना हे कुणी सांगितलं असेल?

मी जंगलाचा दरवाजा कायमचा बंद करा म्हणत नाही. दोन-तीन मोसम तळी-शेतं बघून झाल्यावर, चार माणसांच्या गटाने, आवाज न वाजवता मोल्यात किंवा खोतीगावात जाणाऱ्याचं स्वागतच आहे. शिवाय जंगलाला बोलणारी माणसं मिळाली आहेत. मोल्यातून जाणारी वीजवाहिनी, रुंद होणारा महामार्ग आणि रेल्वेचं दुपदरीकरण यांच्याविरुद्ध २०२० मध्ये गोव्यातली तरुण मुलं रस्त्यावर उतरली, प्रकरण न्यायालयात गेलं आणि मे २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दुपदरीकरणाला राष्ट्रीय वन्यजीव मंडळाने दिलेली मंजुरी रद्द केली. गावच्या तळ्याच्या कडेला एका रात्रीत मातीचे चार ट्रक ओतले जातात तेव्हा इतका आवाज उठत नाही. वाड्यावरची दोन माणसं तक्रार करतात आणि ती तक्रार फायलीत बसते.

आता तळ्यावर या. जुन्या गोव्याजवळचं करमळीचं तळं घ्या. कोकण रेल्वेचा रूळ त्याच्या काठाने गेला आहे, स्टेशन जवळ आहे. पाणी उथळ, त्यात रानभात आणि कमळवेली. हिवाळ्यात अडई बदकांचे थवे, जांभळ्या पाणकोंबड्या, कमळपक्षी, काठावर वंचक आणि खंड्या, आणि नशिबात असलं तर दूर देशाहून आलेली तलवार बदकं. पक्षी मोठे, उघड्यावर, आणि जागा सोडायची घाई नसलेले. बांधावर दुर्बीण तिकाटण्यावर लावली की आजीपासून नातवापर्यंत सगळ्यांना तोच पक्षी आळीपाळीने बघता येतो. रानात हे होत नाही.

नवशिक्याची फेरी चांगली झाली की नाही हे मी एका गोष्टीवरून ठरवतो : पहिली पंधरा मिनिटं गाइडने पक्षी दाखवायला घेतला की दुर्बीण शिकवली? दुर्बिणीवर लिहिलेलं ८×४२ म्हणजे काय, दोन नळ्या आपल्या डोळ्यांच्या अंतराएवढ्या कशा करायच्या, उजव्या डोळ्याचं वेगळं चाक कशाला असतं, चष्मा असलेल्याने रबरी कडा खाली का दुमडायच्या, आणि सर्वांत महत्त्वाचं म्हणजे नजर पक्ष्यावर ठेवूनच दुर्बीण डोळ्याकडे कशी आणायची. हे न सांगता दुर्बीण हातात दिली की माणूस तासभर धुकंच बघतो आणि 'दिसला, दिसला' म्हणत राहतो. भिडेने म्हणतो. पत्रक वाटणाऱ्या फेऱ्यांत हा धडा बहुधा गाडीत, चालत्या गाडीत उरकला जातो.

त्यानंतर एक पक्षी. दहा मिनिटं तोच. कमळपक्षी असेल तर त्याची ती अवाढव्य बोटं बघायची, पानावर वजन कसं वाटलं जातं ते बघायचं. मग गाइडने सांगावं की या कुळात अंडी उबवणं आणि पिल्लं सांभाळणं नराकडे असतं, मादी दुसरा नर शोधायला मोकळी. बांधावरच्या नवराबायकोंत पुढची पाच मिनिटं जी चर्चा होते ती ऐकण्यासारखी असते. उघड्या चोचीचा करकोचा दिसला तर चोचीच्या मधल्या फटीचा आणि तळ्यातल्या गोगलगायींचा संबंध. एवढ्यात दलदली भोवत्या हा शिकारी पक्षी डोक्यावरून गेला आणि सगळी बदकं एकदम उठली तर ती का उठली हे सांगायलाही लागत नाही. अडीच तासांत बारा पक्षी नीट बघितलेला माणूस घरी जाऊन खिडकीतल्या दयाळ पक्ष्याकडे वेगळ्या नजरेने बघतो. साठ नावांची यादी घेऊन गेलेल्याला त्यातली सहा आठवत नाहीत. तरी पत्रकांवर जाहिरात साठाचीच असते.

चोडणचं सालिम अली अभयारण्य वेगळ्या कारणाने चांगलं. १९८८ साली जाहीर झालेलं, जेमतेम १.७८ चौरस किलोमीटरचं, मांडवीच्या काठचं हे खारफुटीचं रान रायबंदरच्या फेरीबोटीने गाठता येतं. इथे घड्याळापेक्षा भरती-ओहोटी मोठी. ओहोटीला चिखल उघडा पडतो तेव्हा तुतवार नि चिखले हे पक्षी उतरतात. भरतीला होडी आतल्या फाट्यांत शिरू शकते आणि कॉलरवाला खंड्या दिसायची शक्यता वाढते. भरतीचं कोष्टक न बघता रोज सातलाच निघणारी फेरी ही हॉटेलच्या नाश्त्यासाठी ठरवलेली फेरी असते.

मोरजीच्या वाळूवर लेकी-सुना मुलांना घेऊन कुरव बघायला जातात, तेही छान. फक्त कुत्र्याला थव्यावर सोडून रील काढणाऱ्यांना तिथल्या तिथे टोकावं. त्या वाळूवरचे छोटे चिखले तिबेट-पामीरच्या पठारांवर वीण करून आलेले असतात, आणि परतीच्या उड्डाणासाठी साठवायची चरबी अशा प्रत्येक पळापळीत जळते.

आता पैशाकडे. चार्टर विमानं यायला लागली तेव्हापासून ब्रिटिश पक्षीनिरीक्षक वर्षानुवर्षं उत्तर गोव्यातल्या बागा-हडफडे भागात उतरत. दुर्बीण गळ्यात, वही खिशात, आणि सगळं लक्ष हॉटेलमागच्या शेतांवर. जंगलात ते एक-दोन दिवस जात. बाकीचे दिवस भातशेती, पाणथळ आणि हडफड्याची झाडी. पक्ष्यांसाठी बागा हे ठिकाण जगभरच्या निरीक्षकांना ठाऊक झालं ते शेतांमुळे. आज त्यांतल्या कितीतरी शेतांवर बांधकाम आहे. मला त्यात नवल वाटत नाही. त्या वर्षांत पाहुण्याने खोलीचे पैसे हॉटेलला दिले, टॅक्सीचे टॅक्सीवाल्याला, बियरचे शॅकवाल्याला, गाइडचे गाइडला. ज्याच्या शेतात तो पक्षी बसला होता त्याला एक पैसाही मिळाला नाही. त्याच्या दृष्टीने ते शेत म्हणजे मजूर न मिळणारी, परवडत नसलेली भातशेती होती. उद्या बिल्डर आला तर त्याने पक्ष्यांच्या पुण्याईवर नकार द्यावा अशी अपेक्षा आपण कुठल्या तोंडाने करतो?

यावर उपाय बाहेरून आणायची गरज नाही, गोव्याच्या खाजनात तो निम्मा तयार आहे. खारं पाणी बांधाने अडवून केलेली ही शेती, तिला मानशीचं दार. भरती आली की पाण्याच्या रेट्याने दार मिटतं, ओहोटीला उघडतं आणि आतलं पाणी बाहेर जातं. पूर्वी हा कारभार 'गावकरी' म्हणजे कोमुनिदाद, गावच्या सामाईक जमिनीची जुनी संस्था, बघायची. १९६४ च्या कूळ कायद्यानंतर बांधांची जबाबदारी कुळांच्या संघटनांकडे गेली. मानशीवर मासे धरण्याच्या हक्काची दरवर्षी पावणी, म्हणजे लिलाव, होते आणि त्या पैशाने बांध दुरुस्त करावेत अशी रीत आहे. म्हणजे पाण्यात जे आपोआप येतं त्यावर गावाने हक्क सांगायचा, पैसे घ्यायचे आणि ते त्याच पाण्याच्या राखणीवर घालायचे, ही कल्पना गोव्याला नवी नाही. मासे येतात तसे पक्षीही येतात. बांधावर चालणाऱ्या प्रत्येक पाहुण्यामागे ठरलेली रक्कम कुळांच्या संघटनेकडे किंवा कोमुनिदादकडे, पावती देऊन, जमा व्हावी. गाइडच्या मानधनातून कापून नव्हे. ती फेरीच्या किमतीत वेगळी दाखवावी, म्हणजे पाहुण्यालाही कळेल की आपण कुणाच्या जागेत उभे आहोत.

पण पावणीचा दुसरा धडाही विसरता येत नाही. पुष्कळ ठिकाणी पावणी घेणारा ठेकेदार जास्त मासळीच्या हावेने खारं पाणी नको तेव्हा आत घेतो, शेत खारावतं, बांध खचतो आणि कुळाच्या हातात भातही राहत नाही. पक्षीफेऱ्यांचा हक्क कुणा एकाला सर्वांत मोठी बोली लावून दिला तर तो वर्षभरात आपली बोली वसूल करायला बसेल. बांधावर वीस-वीस माणसं चालतील, घरट्याकडे दोरी बांधून वाट केली जाईल. म्हणून इथे पावणी नको. पैसा माणशी, आणि माणसांना मर्यादा : एका गटात आठ, एका बांधावर सकाळी दोन गट. मर्यादा कुठे ठेवायची हे ठरवताना शेतकऱ्याला विचारावं. सरद म्हणजे पावसाळी पिकाच्या कापणीत किंवा वायंगणीच्या, हिवाळी पिकाच्या, लावणीत बांध त्याला मोकळा हवा असेल तर फेरी रस्त्यावरून होईल. पक्षी तिथूनही दिसतात.

या बोलण्यावर दोन आक्षेप नेहमी येतात. एक, गावातल्या लोकांना ही वर्दळ नको आहे. काही गावांना खरोखर नको आहे, आणि त्यांनी नाही म्हटलं तर तिथे फेरी नेऊ नये, इतकं सोपं आहे. आज मात्र कुणी विचारतच नाही. एका सकाळी एका तळ्याकाठी मी मोठी बस थांबलेली पाहिली. त्यातले लोक कुणाच्यातरी परसात शिरून अंगणातल्या माडावरचा सुतार पक्षी बघत होते आणि घरातली बाई कपडे वाळत घालायचं सोडून आत गेली. त्या बसला बंदी कुठल्या कायद्याने घालणार? १९८२ च्या पर्यटन व्यवसाय नोंदणी कायद्याखाली गाइडची नोंदणी होते, पण परसात शिरायचं नाही ही अक्कल त्या नोंदणीसोबत मिळत नाही. ग्रामसभेचा ठराव आणि बांधावर उभा असलेला गावचा माणूस, या दोन गोष्टींनी बरंच भागेल.

दुसरा आक्षेप जास्त मजेशीर : गावच्या माणसाला पक्ष्यांची इंग्रजी नावं येत नाहीत. येत नाहीत खरी. पण तळ्याचं पाणी कधी सोडतात, कुठल्या मेरेवर टिटवी दरवर्षी अंडी घालते, पाणकोंबड्या भात कुठून खायला लागतात हे त्याला येतं, आणि फेरीवर येणारा पाहुणा जर मराठी असेल तर तो हे सगळं आपल्या भाषेत ऐकू शकतो. फेऱ्यांची घडण परदेशी पाहुण्यांसाठी झाली, गाइड इंग्रजीत तयार झाले, आणि आता गिऱ्हाईक बदललं तरी बोलणं इंग्रजीतच चालू आहे. सांगलीहून आलेल्या शेतकरी कुटुंबाला कोकणी-मराठीत बोलणारा बांधावरचा शेतकरी भेटला तर पक्ष्यांखेरीज खतापासून बाजारभावापर्यंत सगळं निघेल. निघू दे. प्रशिक्षित गाइड आणि गावचा माणूस अशी जोडी असावी, आणि दोघांनाही सकाळचे पैसे मिळावेत. हौशी संस्था रविवारी फुकट फेऱ्या काढतात, त्या गोव्याच्या मुलांसाठी चालूच राहाव्यात. पण हजारो रुपयांच्या खोलीत उतरलेल्याला फुकट फेरी देण्याचं मला कारण दिसत नाही.

आणखी एक काम या फेऱ्यांकडून फुकट होऊ शकतं. प्रत्येक फेरीची यादी तारीख, वेळ आणि जागेसह ईबर्ड या पक्षीनोंदींच्या संकेतस्थळावर टाकली तर पाच वर्षांत त्या तळ्याचा लेखी इतिहास तयार होतो. नवशिक्याला वाटतं आपल्या अडईच्या नोंदीला काय किंमत. पण त्याच तळ्यावर दर हिवाळ्यात अडई होत्या आणि भराव पडल्यावर नाहीत, हे दाखवायला अशाच साध्या नोंदी लागतात. नगर नियोजन कायद्याच्या कलम १७ (२) खाली जमिनींचे झोन बदलण्यासाठी केलेले नियम मार्च २०२५ मध्ये उच्च न्यायालयाने रद्द केले, तरी झोन बदलण्याची भूक काही रद्द झालेली नाही. कुडचड्याचं नंदा तळं, अवघं ४२ हेक्टर, २०२२ मध्ये गोव्यातलं पहिलं रामसर स्थळ, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ जागा, झालं. त्या पाण्यावर खालची भातशेती होते हेही त्या मान्यतेच्या नोंदीत आहे. बाकीच्या तळ्यांना निदान नोंदींचा आधार असू दे.

सुरुवात तीन-चार ठिकाणी करता येईल : करमळी, नंदा, कुडतरीची तळी, आणि ज्यांना हवं असेल असं एखादं चोडण-दिवाडीचं खाजन. हॉटेलांनी यात एवढंच करायचं की नवशिक्या पाहुण्याला मोल्याचं पत्रक द्यायच्या आधी तळ्याचं द्यावं. ग्रामसभेपुढे ठराव आणायचा तर जुलैची सभा गाठायला हवी, कारण ऑक्टोबरच्या सभेपर्यंत बदकं आणि बुकिंग दोन्ही येऊन पोचलेली असतात. ठरावात माणशी रक्कम, गटाची मर्यादा, स्पीकरला बंदी आणि बांध बंद ठेवायचे दिवस एवढं असलं की पुरे. पावतीपुस्तक पंचायतीचं असावं, कोमुनिदादचं की कुळांच्या संघटनेचं, यावर मात्र भांडण होणार. ते जुलैतच झालेलं बरं.